ऊस सहकारी कारखान्याला द्यावा की खासगी? दोन्हीकडे शासनाचे नाते कसे आहे, याचा आढावा

ज्या शेतकऱ्याच्या शिवारातून सहकारी आणि खासगी असे दोन्ही साखर कारखाने ऊस उचलतात, त्याला नोंद देण्यापूर्वी एक निर्णय करावा लागतो. गावात हा निर्णय बहुधा नात्यागोत्यावरून, पुढाऱ्याच्या शब्दावरून किंवा गेल्या हंगामातील पहिल्या उचलीच्या, म्हणजे उसाच्या पहिल्या हप्त्याच्या, चर्चेवरून होतो. माझ्या मते त्याआधी या दोन्ही कारखान्यांचे शासनाशी नाते कसे आहे, हे तपासले पाहिजे. साखर हा असा धंदा आहे, की ज्यात कच्च्या मालाचा किमान भाव, पक्क्या मालाचा किमान भाव, निर्यातीची परवानगी, इथेनॉलची खरेदी किंमत आणि दोन कारखान्यांमधील अंतर हे सारे सरकारच ठरवते. त्यामुळे मालक कोण, यापेक्षा सरकार त्या मालकाजवळ कोणत्या नात्याने उभे आहे, यावर शेतकऱ्याच्या बिलाचे बरेच काही अवलंबून असते.

आधी दोघांना समान असलेली बाब पाहू. 1966 च्या ऊस नियंत्रण आदेशाखाली केंद्र सरकार दर हंगामाला रास्त व किफायतशीर दर, म्हणजे एफआरपी, जाहीर करते आणि तो सहकारी व खासगी कारखान्यांवर सारखाच बंधनकारक असतो. 2025-26 च्या हंगामासाठी 10.25 टक्के साखर उताऱ्याला (उसातून मिळणाऱ्या साखरेच्या प्रमाणाला) क्विंटलमागे 355 रुपये आणि त्यापुढील प्रत्येक 0.1 टक्क्याला 3.46 रुपये असा हा दर आहे. 11.25 टक्के उतारा असलेल्या कारखान्याची एफआरपी त्यानुसार टनाला 3,896 रुपये होते. मात्र महाराष्ट्रात तोडणी-वाहतुकीचा खर्च त्यातून वजा होत असल्याने हातात पडणारी रक्कम वेगळी असते. समजा एका कारखान्याचा हा खर्च टनाला 850 रुपये आणि दुसऱ्याचा 1,000 रुपये असेल, तर जाहीर दर सारखा असूनही दीडशे रुपयांचा फरक पडतो. म्हणून जाहिरातीतील आकड्यांची तुलना न करता उतारा आणि तोडणी-वाहतूक या दोन आकड्यांची तुलना करावी.

खरा फरक यापुढे सुरू होतो. सहकारी कारखान्यात शासन हे केवळ नियंत्रक नसून भागीदार आणि जामीनदारही असते. विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांच्या प्रयत्नांतून प्रवरानगरचा कारखाना उभा राहिला आणि 1950-51 च्या हंगामात त्याचे गाळप सुरू झाले. पुढे शेतकऱ्यांचे भाग, शासनाचे भागभांडवल आणि वित्तीय संस्थांचे कर्ज असा कारखाना उभारणीचा साचाच महाराष्ट्रात रुळला. ज्या भागात एकही खासगी भांडवलदार यायला तयार नव्हता, तेथे साखर कारखाना, त्यामागून शाळा, दवाखाने आणि पाणी योजना उभ्या राहिल्या, हे या नात्याचे मोठे देणे आहे आणि ते विसरून केलेली कोणतीही तुलना अन्यायाची ठरेल. सभासदाला सवलतीची साखर मिळते, वार्षिक सभेत बोलता येते, मत देता येते आणि चांगल्या वर्षी नफा अंतिम बिलाच्या रूपाने उसाच्या दरातच परत येतो.

याच नात्याची दुसरी बाजूही तितकीच खरी आहे. शासनाची थकहमी, म्हणजे कर्ज थकल्यास ते फेडण्याची हमी, मागे असली, की बँक कर्जाची छाननी सैल करते आणि संचालक मंडळ गाळपक्षमता वाढवताना परिसरात तेवढा ऊस आहे का, हे नीट पाहत नाही. अशा कर्जांच्या थकबाकीपोटी राज्य सहकारी बँकेने अनेक सहकारी कारखाने विकले, त्यांतील कित्येक खासगी मालकांकडे गेले आणि ज्यांनी दोन-तीन पिढ्यांपूर्वी पोटाला चिमटा काढून भाग घेतले होते, त्यांचा कारखान्यावरील हक्क संपला. हमी शासनाची आणि तोटा सभासदाचा, ही विभागणी मला आजही अस्वस्थ करते. त्यात आयकराचा प्रश्न वेगळाच होता: सहकारी कारखान्याने किमान दरापेक्षा जास्त दिलेली रक्कम हा खर्च नसून नफावाटप आहे, असे धरून वर्षानुवर्षे कर आकारणी होत राहिली. 2023 च्या केंद्रीय अर्थसंकल्पात 2016-17 पूर्वीच्या देण्यांना खर्च मानण्याची मुभा मिळाली, तेव्हा त्यातून सुमारे 10,000 कोटी रुपयांचा दिलासा अपेक्षित असल्याचे सांगितले गेले. शेतकऱ्याला चांगला भाव दिल्याबद्दल संस्थेवर किती ओझे साठले होते, हे त्या आकड्यावरून कळते.

खासगी कारखान्यांना 1998 मध्ये परवाना पद्धत संपल्यानंतर वाट मोकळी झाली. येथे शासन भागीदार नसते. ते नियम घालते आणि अनुदानही देते. इथेनॉल प्रकल्पांसाठी व्याज सवलत, सहवीजनिर्मितीची, म्हणजे उसाच्या चिपाडापासून केलेली, वीज घेण्याचे करार, हे खासगी कारखान्यालाही मिळत आले आहे. त्यामुळे खासगी म्हणजे सरकारपासून स्वतंत्र, हा समज बरोबर नाही. मालकाचे स्वतःचे भांडवल गुंतलेले असल्याने आसवनी (इथेनॉल तयार करणारा प्रकल्प) उभारण्याचे, यंत्रे बदलण्याचे निर्णय लवकर होतात आणि समूहाचे अनेक कारखाने असतील तर एका जागचा तोटा दुसरीकडे भरून काढता येतो. 7 डिसेंबर 2023 रोजी केंद्राने उसाच्या रसापासून इथेनॉल करण्यावर अचानक निर्बंध आणले, तेव्हा कर्ज काढून आसवनी उभारलेल्या सर्वांचीच गणिते कोलमडली. परंतु असा धक्का पचवण्याची ताकद एकट्या सहकारी कारखान्यात कमी असते. किमान विक्री दराचेही तसेच आहे. साखरेचा हा दर फेब्रुवारी 2019 मध्ये किलोला 31 रुपये झाला आणि 2025 उजाडले तरी तो तेथेच होता, तर एफआरपी 2019-20 मधील 275 रुपयांवरून 355 रुपयांपर्यंत गेली. मधली फट कोणी तरी कर्ज काढून भरतो आणि सहकारी कारखान्यात तो कोणी तरी अखेर सभासदच असतो. खासगी कारखान्यात मात्र नफा झाला तरी त्यात वाटा मागण्याचे व्यासपीठ शेतकऱ्याला नाही. त्याच्या हाती आंदोलन किंवा पुढच्या वर्षी ऊस न देणे एवढेच उरते.

हा दुसरा मार्गही शासनानेच अरुंद केला आहे. महाराष्ट्रात दोन कारखान्यांमध्ये किमान 25 किलोमीटर हवाई अंतर लागते, तर केंद्राची अट 15 किलोमीटरची आहे. झोनबंदी, म्हणजे ठरलेल्या कारखान्यालाच ऊस देण्याची सक्ती, उठली तरी या अटीमुळे बऱ्याच गावांत निवड नावापुरतीच राहते. साखर उद्योगावरील नियंत्रणांचा फेरविचार करणाऱ्या रंगराजन समितीने 2012 मध्येच ही अट हटवण्याची शिफारस केली होती आणि माझ्या मते शेतकऱ्याच्या दृष्टीने ती योग्य होती. आपल्या भागात ऊस उचलणारे तीन-चार कारखाने असतील, तर खासगी कारखानाही वाजवी वागतो. एकच असेल, तर सभासदत्वाला अधिक मोल आहे.

पैसे वेळेवर मिळण्याच्या बाबतीत कायदा दोघांना एकच आहे: 14 दिवसांत देणे, उशीर झाल्यास वार्षिक 15 टक्के व्याज, आणि तरीही न दिल्यास साखर आयुक्तांच्या आदेशाने जिल्हाधिकाऱ्यांमार्फत महसुली थकबाकीसारखी वसुली. राज्य शासनाने 2022 मध्ये एफआरपी दोन हप्त्यांत देण्याची मुभा दिली होती. ती मुंबई उच्च न्यायालयाने मार्च 2025 मध्ये रद्द केली. म्हणून दोन्ही कारखान्यांची मागील तीन हंगामांची थकबाकी आणि अशा वसुली आदेशांचा इतिहास तपासावा. ज्याच्यावर वारंवार आदेश निघाले, त्याला ऊस देऊ नये, मग तो सहकारी असो वा खासगी.

एक एकरभर ऊस असलेल्या आणि तोडीच्या टोळीसाठी वाट पाहत बसणे न परवडणाऱ्या शेतकऱ्याने, कर्जमुक्त किंवा नियमित कर्जफेड करणारा सहकारी कारखाना जवळ असेल, तर तोच निवडावा. तेथे अंतिम बिलाची आशा आहे आणि तोडीचा क्रम चुकला तर विचारण्याचा हक्कही आहे. वार्षिक अहवालात कर्ज वाढत असेल, संचित तोटा दिसत असेल आणि हिशेब सभेपुढे नीट ठेवले जात नसतील, तर पोटनियमांतील ऊस पुरवठ्याची अट पाहून, यंदाची लागण वेळेवर पैसे देणाऱ्या खासगी कारखान्याकडे नोंदवणे अधिक शहाणपणाचे आहे.