लॉटरी लागली म्हणून फोन आला तर तो खोटाच, आमच्या मामांचे पैसे गेलेत म्हणून लिहितेय

मंडळी, हे जरा लांबलंय पण पूर्ण वाचा आणि जमलं तर घरातल्या मोठ्यांना वाचून दाखवा, विशेषतः जे रिटायर होऊन घरी आहेत आणि दिवसभर मोबाईल बघतात त्यांना. माझ्या मामांचे 75,500 रुपये लॉटरीच्या नावाखाली गेलेत. मामांनीच मला सांगितलं की तू हे लिही, लोकांना कळू दे, फक्त माझं नाव टाकू नकोस.

आधी एक सांगते कारण लगेच कमेंट येतील की लोभ केला म्हणून गेले. मामा आयुष्यभर बडोद्याला मकरपुऱ्यातल्या एका कंपनीत अकाउंट्स सांभाळत होते, रुपया इकडचा तिकडे होऊ दिला नाही, दांडिया बाजारात सगळे त्यांना ओळखतात ते हिशोबाचा चोख माणूस म्हणूनच. अशा माणसाला फसवलं याचा अर्थ फसवणारे किती तयारीचे आहेत तो समजून घ्या, माणसाला नावं ठेवू नका.

झालं काय की मामांची थोरली बहीण दादरला, तिचे यजमान पूर्वीपासून महाराष्ट्र राज्य लॉटरीची तिकिटं घ्यायचे. ती लॉटरी 1969 पासून चालू आहे, सरकारी आहे, छोटी छोटी बक्षिसं त्यांना लागायचीही, त्यामुळे मामांच्या डोक्यात पक्कं बसलेलं की सरकारी लॉटरी म्हणजे खरी. ते बरोबरच आहे. पण आपल्या गुजरातेत लॉटरी चालतच नाही. 1998 चा लॉटरीचा केंद्राचा कायदा आहे त्यात प्रत्येक राज्याला आपल्याकडे दुसऱ्या राज्यांची तिकिटं विकायला बंदी घालता येते. मग होतं काय, बडोद्यात जन्म गेलेल्या माणसाने लॉटरीचं दुकान बघितलेलं नसतं, तिकीट हातात घेतलेलं नसतं, बक्षीस लागल्यावर काय करतात ते शेजारीपाजारीही कोणाला माहीत नसतं, आणि ही जी माहिती नसते ना तिच्यावरच या लोकांचा सगळा धंदा चालतो.

मामांना फेसबुकवर जाहिरात दिसली, केरळ लॉटरी घरबसल्या. केरळची लॉटरी खरीच आहे, 1967 मध्ये सरकारने लॉटरीचं वेगळं खातं काढलं आणि पहिली सोडत 26 जानेवारी 1968 ला झाली, तिकीट एक रुपया आणि पहिलं बक्षीस 50 हजार. जाहिरातीत हीच सगळी खरी माहिती टाकली होती, म्हणून विश्वास बसला. व्हॉट्सअपवर मेसेज केला, यूपीआयने पैसे पाठवले आणि त्यांना कारुण्य नावाच्या तिकिटाचा फोटो आला. मूळ तिकीट आमच्या ऑफिसात सेफ ठेवलंय, हरवायची भीती नाही, असं सांगितलं. खरं तर सगळा खेळ इथेच संपलेला होता, कारण केरळची लॉटरी कागदी तिकिटावरच चालते, ऑनलाईन विकतच नाहीत, आणि केरळच्या बाहेर तिकीट विकायला परवानगीच नाही. पण हे बडोद्यात बसून कोणाला माहीत असणार?

सोडतीच्या दिवशी त्याच लोकांनी रिझल्ट चेक करायची लिंक पाठवली. साईट अगदी सरकारी दिसणारी, वर अशोकस्तंभ, मल्याळम अक्षरं, खाली तिकीट नंबर टाका आणि मोबाईल नंबर टाका. टाकल्यावर हिरव्या अक्षरात अभिनंदन, पहिलं बक्षीस 80 लाख. कारुण्यचं पहिलं बक्षीस तेव्हा खरंच 80 लाखच होतं, म्हणजे आकडासुद्धा त्यांनी हवेतला घेतला नव्हता. मागोमाग रिझल्टची पीडीएफ आली, त्यात पहिल्याच ओळीत मामांचा नंबर.

मग फोन. हिंदीत बोलणारा माणूस, अतिशय नम्र, "सर मैं तिरुवनंतपुरम डायरेक्टरेट से बोल रहा हूँ, सबसे पहले आपको बधाई." व्हॉट्सअपवर स्वतःचं ओळखपत्र पाठवलं. आणि एक गोष्ट फार गोड बोलून सांगितली, की सर सुरक्षेसाठी पैसे खात्यात येईपर्यंत घरात कोणाला सांगू नका, नातेवाईक मागे लागतात, किडनॅपिंगसुद्धा झालेलं आहे. मला विचाराल तर सगळ्यात नीच भाग हाच आहे. मामी त्याच खोलीत भाजी निवडत बसलेली असायची आणि मामा बाल्कनीत जाऊन हळू आवाजात बोलायचे. चाळीस वर्षांच्या संसारात मामीपासून काहीच न लपवलेला माणूस, त्याला लपवायला लावलं यांनी.

पहिल्यांदा 6,500 घेतले, क्लेम रजिस्ट्रेशन म्हणून. नंतर 21,000 जीएसटी. नंतर 48,000, ते टीडीएसचा, म्हणजे आधीच कापून घेतात त्या टॅक्सचा, पहिला हप्ता. प्रत्येक वेळी पावती यायची, शिक्क्यासकट. दर वेळी हे शेवटचं, यानंतर डायरेक्ट ट्रान्सफर. मग 1,10,000 मागितले, रिझर्व्ह बँकेची एनओसी म्हणजे ना हरकत पत्र म्हणून, आणि तेवढे मामांच्या खात्यात नव्हते म्हणून त्यांनी माझ्या आईला फोन केला, ताई दोन दिवसांसाठी देशील का. आईला आवाजावरूनच काहीतरी वेगळं वाटलं, तिने मला ऑफिसातून उठवून पाठवलं.

मी गेले तर मामा काही सांगेनात. मामीला बाजूला बसवलं, चहा झाला, मग हळूहळू मोबाईल पुढे केला. मी त्यांच्याशी वाद घातला नाही, फक्त म्हटलं मामा आपण केरळ सरकारच्या साईटवरून तीच तारीख काढू आणि दोन्ही कागद शेजारी ठेवू. आणि बघा, केरळच्या रिझल्टमध्ये पहिल्या बक्षिसाच्या खाली समाधान बक्षिसं असतात, ती त्याच सहा आकडी नंबरला पण बाकीच्या सिरीजना मिळतात. म्हणजे पहिलं बक्षीस ज्या नंबरला लागलं त्याचेच सहाच्या सहा आकडे खालच्या सगळ्या समाधान बक्षिसांत दिसले पाहिजेत, फक्त पुढची दोन अक्षरं बदलतात. मामांच्या पीडीएफमध्ये त्या चोरांनी फक्त पहिली ओळ बदलली होती, खालच्या ओळी खऱ्या रिझल्टच्या तशाच राहिल्या होत्या. वर एक नंबर, खाली सगळीकडे दुसराच. मी सांगायच्या आधी मामांनीच बोट ठेवलं, म्हणाले हे टॅली होत नाही. हिशोबाचा माणूस शेवटी. नंतर बराच वेळ काही बोलले नाहीत. मामीने हातातला कप खाली ठेवला आणि त्यांना एवढंच म्हणाली, अहो मला का नाही सांगितलंत.

आता जे मला तुम्हा सगळ्यांना सांगायचंय ते. लॉटरीचं कागदी तिकीट हे नोटेसारखं असतं, ज्याच्या हातात त्याचं. दुकानदार विकताना तुमचं नाव लिहून घेत नाही, मोबाईल नंबर घेत नाही. त्यामुळे सोडत झाल्यावर लॉटरी खात्याला फक्त नंबर माहीत असतो, तो माणूस कोण, कुठला, त्याचा फोन काय, काहीच माहीत नसतं. तुम्हाला आठवत असेल मोठ्या बंपरनंतर, म्हणजे सणासुदीच्या मोठ्या बक्षिसाच्या सोडतीनंतर, बातम्या येतात की विजेता अजून समोर आलेला नाही, त्या यामुळेच येतात. म्हणजे तुम्हाला बक्षीस लागलं असं फोन करून सांगणं खऱ्या लॉटरीवाल्यांना शक्यच नाही. जो फोन करून सांगतो तो चोर, यात शंभरातला एकही अपवाद नाही. जिंकणाऱ्याला स्वतः रिझल्ट बघून, स्वतः तिकीट घेऊन जावं लागतं.

आणि जायचं म्हणजे मूळ तिकीट घेऊन, फोटो चालत नाही. केरळात सोडतीपासून 30 दिवसांच्या आत द्यावं लागतं. 5 हजारांपर्यंतचं बक्षीस तिथल्या दुकानातच मिळतं, त्यावरचं लॉटरी ऑफिसात किंवा बँकेमार्फत, तिकिटाच्या मागे नाव पत्ता सही करून, ओळखपत्र आणि पॅन जोडून. नंबर सरकारी गॅझेटमध्ये छापलेल्याशी जुळवून बघा असं खातं स्वतःच सांगतं.

टॅक्सचं तर नीट ऐका कारण मामांचे सगळ्यात जास्त पैसे त्यातच गेले. 10 हजारांच्या वर बक्षीस असलं की 30 टक्के टीडीएस कापला जातो, आयकराच्या नियमाने. कापला जातो, भरायला लावत नाहीत. देणारा कापतो आणि उरलेलं तुम्हाला देतो. 2022 च्या ओणम बंपरला तिरुवनंतपुरमच्या एका रिक्षावाल्याला 25 कोटी लागले तेव्हाच्या बातम्या काढून बघा, एजंटचं 10 टक्के कमिशन म्हणजे अडीच कोटी गेले, राहिलेल्या साडेबावीस कोटींवर 30 टक्के टॅक्स म्हणजे पावणेसात कोटी, आणि हातात 15 कोटी 75 लाख. सगळं आतूनच वजा. त्याला कोणी आधी सात कोटी आणून भर म्हटलं नाही, कुठून भरणार तो. आणि जीएसटी तर तिकिटाच्या विक्रीवर लागतो, बक्षिसावर नाहीच. रिझर्व्ह बँक कोणाच्या लॉटरीला एनओसी देत नाही, उलट आमच्या नावाने असे फोन मेल येतात ते खोटे आहेत अशा सूचना तिने स्वतःच वेळोवेळी काढल्यात.

हेच त्या केबीसीच्या (कौन बनेगा करोडपती) 25 लाखवाल्या व्हॉट्सअप मेसेजचं, सिमकार्ड लकी ड्रॉ म्हणून येतो तो, नंबर बऱ्याचदा 92 ने सुरू होणारा म्हणजे पाकिस्तानचा कोड. तिकीटच काढलं नाही तर लागेल कुठून? आणि परदेशी लॉटरीचं कोणी सांगितलं तर तिथे पैसे पाठवणंच फेमा या परकीय चलनाच्या कायद्यात बंद आहे, म्हणजे पैसे जातील ते जातील आणि वर तुम्हीच अडचणीत.

आम्ही त्याच संध्याकाळी 1930 ला फोन लावला. हा सायबर फसवणुकीचा हेल्पलाईन नंबर आहे, सगळ्या देशाला एकच. तिथे ट्रान्झॅक्शनचा यूटीआर नंबर (प्रत्येक व्यवहाराला बँकेचा वेगळा असतो तो), तारीख, रक्कम, आपलं खातं कुठल्या बँकेतलं हे विचारतात, ते आधी कागदावर लिहून घ्या कारण त्या वेळी माणसाला काही सुचत नाही. मग सायबरक्राइम डॉट गव्ह डॉट इनवर स्क्रीनशॉट चढवले, सायबर सेलला जाऊन अर्जही दिला. चॅट डिलीट करू नका, मामा रागाने सगळं पुसायला निघाले होते, मी मोबाईलच काढून घेतला. त्या चोरांना ब्लॉकसुद्धा सगळं सेव्ह झाल्यावरच करा. आणि लवकर करा हो, पैसे एका खात्यातून दुसऱ्यात, तिथून तिसऱ्यात भराभर जातात, जिथे अजून पडलेले असतील तिथेच गोठवता येतात. मामांचे आधीचे दोन्ही हप्ते कधीच काढून घेतलेले होते, 48,000 पैकी 31,000 एका खात्यात अडवले गेलेत, ते कोर्टाच्या ऑर्डरनंतर परत मिळतील असं सांगितलंय. बाकीचे गेले.

अजून एक, हे फार जणांना माहीत नसतं. तक्रार केल्यानंतर काही दिवसांनी मामांना परत फोन आला, या वेळी म्हणे सायबर डिपार्टमेंटमधून, तुमचे पूर्ण पैसे रिकव्हर झालेत, फक्त 5,000 फाईल चार्ज भरा. त्यांच्याकडे मामांचं नाव, कधी किती गेले ते सगळं तपशीलवार होतं, असणारच, तीच टोळी किंवा त्यांनीच विकलेली यादी. मामांनी फोन स्पीकरवर टाकून मामीच्या हातात दिला. मामीने गुजरातीत एवढंच विचारलं की भाई कुठल्या पोलीस स्टेशनातून बोलतोस, साहेबांचं नाव सांग, आम्ही आत्ता रिक्षा करून येतो. तिकडून फोन कट झाला. तो नंबरही आम्ही सायबर सेलला दिलाय.