‘डी वेबर’ की ‘मेट्रोपोलिस’: आधी कोणता बघाल?

दोन्ही जर्मन मूकपट १९२७ चे. दोन्हींत कामगार पेटून उठतात, यंत्रं फोडतात. टेओडोर लोस हा नटही दोन्हींत आहे. पण एकाच संध्याकाळची सवड असेल, तर मी ‘डी वेबर’, म्हणजे ‘विणकर’, सुचवेन.

फ्रिट्झ लांगचा ‘मेट्रोपोलिस’ भव्य आहे, यात वाद नाही. गगनचुंबी इमारती, जमिनीखालची वस्ती, यंत्रातून घडवलेली मारिया, सगळं बघताना डोळे दिपतात. नेपथ्य किंवा विज्ञानपट हा तुमचा विषय असेल, तर आधी तोच बघा; मात्र २०१० ची अडीच तासांची आवृत्तीच मिळवा. २००८ मध्ये ब्युनॉस आयर्सला सापडलेल्या प्रतीतली दृश्यं तिच्यात आहेत. पण त्यातले कामगार आठवून बघा: एकसारखे कपडे, खाली घातलेल्या माना, एका ठेक्यात पडणारी पावलं. त्यांतला एखादाच चेहरा लक्षात राहतो. शेवटी मालक आणि मुकादम हात मिळवतात, तो समेट मला अजिबात पटत नाही.

फ्रीडरिश झेल्निकचा ‘डी वेबर’ जर्मन नाटककार गेरहार्ट हाउप्टमानच्या निसर्गवादी, म्हणजे जगणं आहे तसं, कडू वास्तवासकट मांडणाऱ्या नाटकावर बेतलाय आणि नाटक सायलेशिया या तेव्हाच्या प्रशियाच्या प्रांतात १८४४ साली झालेल्या विणकरांच्या खऱ्या उठावावर. बर्लिनच्या पोलिसांनी १८९२ मध्ये नाटकाच्या जाहीर प्रयोगावर बंदी घातली होती. नाटकाला एक असा नायक नाही, आणि ते धाडस सिनेमानंही सोडलेलं नाही. विणकर घरी विणलेलं कापड घेऊन ड्रायसिगर शेठच्या पेढीवर येतात. कारकून ताग्यात खोट काढतो, मजुरी कापतो. पुढे अन्याय काय असतो ते कुणी समजावून सांगायची गरजच उरत नाही. पाउल वेगेनरनं हा शेठ जबरदस्त उभा केलाय. दृश्यांच्या मधे येणाऱ्या मजकुराच्या पाट्यांवरची अक्षरं चित्रकार गेऑर्ग ग्रोसनं रेखाटलीत, तीही सावकाश बघा.

झेल्निकचं नाव तोवर हलक्याफुलक्या चित्रपटांसाठी घेतलं जाई, म्हणून हा सिनेमा मला अधिकच मोलाचा वाटतो. लांगची तांत्रिक झेप इथे नाही, हे खरं.

नाटक वाचायचं असेल तर सिनेमानंतर वाचा. विणकरांची सायलेशियन बोली मूकपटात ऐकू येणं शक्यच नाही, आणि उठावापासून लांब राहून मागावरच बसलेल्या म्हाताऱ्या हिल्सेचा देवावरचा विश्वास तिथे त्याच्याच शब्दांत भेटतो.