पेठेतल्या फुटबॉलवर माहितीपट: मुलाखती घ्याव्यात की नुसतं बघत राहावं?

कोल्हापूरची कुस्ती कॅमेऱ्यानं भरपूर टिपली. तिथल्या पेठांचा फुटबॉल बाहेर फारसा कुणाला ठाऊक नाही. पाटाकडील, दिलबहार, खंडोबा... संघांची नावंच तालमींची! माहितीपटासाठी मुलाखती घेतल्या तर इतिहास पटकन हाती येतो, खर्चही आवाक्यात राहतो. पण माणूस कॅमेऱ्यासमोर ठेवणीतलं बोलतो.

दुसरी, नुसतं बघत राहण्याची निरीक्षणात्मक पद्धत १९६०च्या सुमारास रुजली, हलके कॅमेरे आणि चित्रासोबतच आवाज टिपणारी यंत्रं आल्यावर. प्रश्न नाहीत, निवेदन नाही. शाहू स्टेडियमच्या पायऱ्यांवर बसायचं. गोल हुकल्यावर उसळलेली शिवी, कपाळावर गेलेला म्हाताऱ्याचा हात, सगळं येऊ द्यायचं. वेळ फार जातो, संकलनात दमछाक होते. तरी मी हीच निवडेन, कारण पेठेची ईर्ष्या सामन्यातच खरी दिसते. परवानगी मात्र आधी तालमीत बसून, समजावून घ्यावी.