व्हाँदे ग्लोब की गोल्डन ग्लोब? एकट्यानं पृथ्वीप्रदक्षिणेची स्वप्नं पाहणाऱ्यांसाठी

शिडाच्या होड्यांच्या या दोन्ही शर्यती सध्या फ्रान्सच्या ले साब्ल द'ओलोन या एकाच बंदरातून सुटतात. दोन्हींत माणूस एकटा असतो, न थांबता गुड होप, ल्यूविन आणि हॉर्न ही तीन भूशिरं ओलांडून परत तिथेच येतो. म्हणून आपल्याकडे पुष्कळांना त्या एकच वाटतात. पण करिअर म्हणून पाहिलं तर दोन्हींची जात वेगळी आहे.

व्हाँदे ग्लोबची होडी ६० फुटी, कार्बनची. तिला फॉइल, म्हणजे बाजूचे पाण्यातले पंख, बसवले की ती वेगात पाण्यावर उचलली जाते. २०२४-२५ मध्ये विजेत्या शार्ली दालँनं जेमतेम ६५ दिवसांत प्रदक्षिणा पूर्ण केली. सुकाणू बहुतेक वेळ ऑटोपायलट धरतो. खलाशी हवामानाच्या फायली वाचून मार्ग ठरवतो, शिडं बदलतो, दुरुस्त्या करतो आणि अर्ध्या-पाऊण तासाच्या डुलक्यांवर जगतो. वारा दुसऱ्या बाजूनं घ्यायचा झाला की आतली शिडं, अन्न, हत्यारं असं शेकडो किलोंचं ओझं एका कुशीवरून दुसऱ्या कुशीवर ओढून न्यायचं, तेही आदळणाऱ्या होडीत, जवळजवळ रांगत.

गोल्डन ग्लोबमध्ये होडी ३२ ते ३६ फुटांची आणि १९८८ पूर्वीच्या आराखड्याची हवी. जीपीएस नाही, ऑटोपायलट नाही. सेक्स्टंट या कोन मोजायच्या उपकरणानं सूर्याची उंची मोजायची, कागदी नकाशावर खूण करायची. २०२२ च्या शर्यतीत कर्स्टन नॉयशेफर २३५ दिवसांनी पहिली आली आणि भारतीय नौदलाचे माजी अधिकारी अभिलाष टॉमी दीडेक दिवसानं दुसरे. टॉमींचं वाऱ्यावर चालणारं सुकाणू वाटेत मोडत राहिलं, तेव्हा त्यांनी संडासाच्या दाराची फळी कापून त्याचं पातं केलं. सुतारकाम, शिवणकाम, वायरिंग हाताला नसेल तर या शर्यतीचा विचारच करू नये. १६ जण निघाले होते, एकही थांबा न घेता पोचले तिघे.

धोका कुठे जास्त? माझ्या मते संथ होडीत. वेगवान होडी वादळाच्या पुढे पळू शकते, संथ होडीला ते अंगावर घ्यावं लागतं. आधीच्या गोल्डन ग्लोबमध्ये, सप्टेंबर २०१८ ला, दक्षिण हिंदी महासागरात टॉमींची गोव्यात बांधलेली 'तुरिया' अशाच वादळात उलटली. डोलकाठी मोडली, पाठीचा कणा दुखावला, आणि 'ओसिरिस' हे फ्रेंच जहाज पोचेपर्यंत ते होडीत पडून होते. अर्थात व्हाँदेही निर्धोक नाही. २०२० मध्ये केव्हिन एस्कोफिएची होडी लाटेत दुमडून बुडाली, त्याला झाँ ल काम या प्रतिस्पर्ध्यानं उचललं.

आता पोटापाण्याचं. फ्रान्समध्ये हा रीतसर व्यवसाय आहे. साडेसहा मीटरच्या होडीतून अटलांटिक ओलांडायची मिनी ट्रान्सॅट, मग फिगारो ही एकट्यानं लढायची फ्रेंच शर्यत, मग ६० फुटी, अशी शिडी ठरलेली. लोरियाँसारख्या बंदरात दुसऱ्यांच्या होड्या तयार करून देण्याचं पगारी काम मिळतं. होडीवर विमा कंपनीचं नाव रंगवलेलं असतं आणि खर्च तीच भागवते. कारण नवी होडी काही दशलक्ष युरोंची, बक्षिसांवर ती निघत नाही. फ्रेंच यायलाच हवं, नाहीतर प्रायोजकांपुढे तुम्ही मुके.

गोल्डन ग्लोबला अशी शिडी नाही. पुरेसे सागरी मैल आणि त्यांतले काही एकट्यानं केलेले असले की दार उघडतं. जुनी ३६ फुटी होडी व्हाँदेच्या तुलनेत खूपच स्वस्त. पण शर्यत संपली की नोकरीची वाट नाही.

तिसरी वाट नौदलाची. कमांडर दिलीप दोंदे २००९-१० मध्ये 'म्हादेई'तून चार थांबे घेत एकट्यानं प्रदक्षिणा करणारे पहिले भारतीय ठरले. ती होडी गोव्यात दिवाडीला रत्नाकर दांडेकरांनी बांधली. पगार चालू राहतो, मात्र कुठे आणि केव्हा निघायचं हे नौदल ठरवतं.

विशीत असाल आणि यावरच जगायचं असेल, तर घरच्यांना समजावून मिनीच्या वाटेला लागा, आजच फ्रेंच सुरू करा. पस्तिशी ओलांडलेली, हाताशी कसब आणि दुसरं उत्पन्न असेल, तर गोल्डन ग्लोब. आधी मुंबई किंवा गोव्यातून निघणाऱ्या एखाद्या लांबच्या सफरीत मदतनीस म्हणून जागा मागा, आणि रात्रीचा पहारा स्वतःकडे घ्या.