गेटिसबर्गची गाईड टूर: रिटायर सुभेदार बाबांना घेऊन गेलो होतो, त्याचा रिव्ह्यू

आमच्या गल्लीतल्या तीन घरांतली पोरं अमेरिकेत आहेत त्यामुळं दर उन्हाळ्यात कुणाचे ना कुणाचे आईबाबा तिकडं जातात, आणि परत आल्यावर सगळ्यांचे फोटो तेच, नायगारा, व्हाइट हाऊस, टाइम्स स्क्वेअर. म्हणून हे लिहितोय. मेरीलँड, व्हर्जिनिया, पेन्सिल्व्हेनिया या बाजूला पोरगा किंवा पोरगी असेल तर एक अख्खा दिवस गेटिसबर्गच्या रणांगणाला द्या आणि तिथला लायसनवाला गाईड घ्याच, गाईडशिवाय गेलात तर नुसते दगड बघून याल.

बाबा मराठा लाइट इन्फंट्रीतनं सुभेदार म्हणून रिटायर झालेत, आता बेळगावात टिळकवाडीत राहतो आम्ही. माझा धाकटा भाऊ मेरीलँडमध्ये आहे. नायगाराला बाबांनी दहा मिनिटांत "बघितलं, चला" केलं होतं, गोकाकचा धबधबा पावसाळ्यात बघितलेल्या माणसाला काय सांगणार. मग भाऊ म्हणाला इथनं दीड तासावर यांच्या यादवी युद्धातलं सगळ्यात मोठं रणांगण आहे, जायचं का? बाबा आदल्या रात्रीच बूट पुसून तयार.

आधी चूक सांगतो म्हणजे तुम्ही करणार नाही. पैसे वाचवायला आम्ही आधी एक मोबाइलवरची ऑडिओ टूर विकत घेतली होती. ती पहिल्या दोन स्टॉपनंतर अडकली ती अडकलीच, बाबा गाडीत मागं बसून "हा बाबा बोलंना का झालाय" म्हणत होते. पैसे पाण्यात. मग व्हिजिटर सेंटरला जाऊन गाईडची चौकशी केली आणि नशिबानं मिळाला, खरं तुम्ही आधीच बुक करून जा.

सिस्टीम अशी आहे की गाईड तुमच्याच गाडीत बसतो आणि गाडी तोच चालवतो. दोन तास. फी गाडीमागं, माणसामागं नाही, त्यामुळं पाच-सहा जण असलात तर परवडतं. रणांगणावर फिरायला तिकीट नाही, म्युझियमला आहे. हे लायसन १९१५ पासून देतात, लेखी परीक्षा, मग तोंडी, मगच मिळतं. आम्हाला मिळाल्या त्या बाई साठीच्या पुढच्या, आमच्या शाळेतल्या इतिहासाच्या बाईंची आठवण यावी अशा. गाडीत बसल्या बसल्या पहिला प्रश्न, तुम्हाला काय बघायचंय? भावानं सांगितलं वडील फौजेत होते. झालं, बाईंनी ठरलेला रूट सोडला आणि बाबांना पुढच्या सीटवर घेतलं.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. १८६१ ते १८६५ अमेरिकेत उत्तर विरुद्ध दक्षिण लढाई झाली, दक्षिणेतल्या राज्यांना गुलामगिरी टिकवायची होती म्हणून ती फुटून निघाली, तेव्हा देशात जवळपास ४० लाख माणसं गुलाम होती. सहा लाखांच्या वर सैनिक मेले. त्यातली गेटिसबर्गची लढाई १ ते ३ जुलै १८६३, दोन्हीकडचे मिळून साधारण १ लाख ६० हजार सैनिक, आणि तीन दिवसांत मेलेले, जखमी, पकडलेले, हरवलेले सगळे धरून ५१ हजारांच्या आसपास. उत्तर जिंकली.

आता तिथं तेराशेच्या वर स्मारकं आहेत. मला वाटलेलं एक मोठा खांब असेल, बाग असेल, लाइट अँड साऊंड शो असेल. तसं नाही. शेतं, कुंपणं, आणि वाटेत दर शंभर पावलांवर एक दगड. एकेका पलटणीचं स्मारक ती जिथं उभी राहून लढली तिथंच, आणि त्याच्या दोन्ही बाजूंना लांबवर गुडघ्याएवढे छोटे दगड, म्हणजे पलटणीचं डावं टोक इथं आणि उजवं टोक तिथं. मी ते बघून पुढं चाललो होतो, बाबा थांबले. डाव्या दगडापासून उजव्या दगडापर्यंत पावलं मोजत चालत गेले, परत आले आणि म्हणाले, "एवढीच माणसं उरलेली होती वाटतं." बाईंना भावानं ते सांगितलं तर त्या एकदम खूष, म्हणाल्या हे टुरिस्ट लोक कधीच विचारत नाहीत.

अजून एक बारकी गोष्ट त्यांनीच दाखवली. ब्रिगेडच्या, म्हणजे काही पलटणी मिळून जो गट होतो त्याच्या, माहितीच्या पाट्या आहेत ना, त्यांचा दगडी चौथरा चौकोनी असेल तर उत्तरेची ब्रिगेड, गोल असेल तर दक्षिणेची. वाचायची गरजच नाही. त्यानंतर बाबा गाडीतनंच "गोल... चौकोनी... गोल" करत होते, दोन तास.

दक्षिणेच्या जनरल पिकेटचा हल्ला जिथं झाला ते मैदान म्हणजे ह्या टूरचा जीव. तिसऱ्या दिवशी दुपारी दक्षिणेचे साडेबारा हजार लोक उघड्या रानातनं पाऊण मैलाच्या वर चालत आले, समोर टेकाडावर तोफा आणि दगडी बांध, निम्म्यापेक्षा जास्त माणसं मेली, जखमी झाली नाहीतर पकडली गेली. बाबा बांधाजवळ उभं राहून बराच वेळ पलीकडच्या झाडांकडं बघत होते. मग म्हणाले, "कुणी ऑर्डर दिली ही?" बाई म्हणाल्या दक्षिणेचे सेनापती जनरल ली यांनी, आणि त्यांच्याच हाताखालचा लाँगस्ट्रीट नको नको म्हणत होता. बाबा म्हणाले, "बरोबर म्हणत होता तो." एवढंच. घोड्यावरच्या त्या लीचा पुतळा पलीकडच्या झाडांपाशी आहे, व्हर्जिनियानं १९१७ मध्ये उभारलेला, आणि समोर अलीकडच्या टेकाडावर उत्तरेचा सेनापती मीड याचा पुतळा, तोही घोड्यावर, दोघं मैदानाच्या दोन टोकांना एकमेकांकडं तोंड करून.

इथं मला आमचं बेळगाव आठवलं, न आठवून सांगतो कुणाला. आमच्याकडं पुतळा म्हटलं की आधी बंदोबस्त. बेळगावजवळच्या राजहंसगडावर शिवाजी महाराजांच्या पुतळ्याचं उद्घाटन मार्च २०२३ मध्ये दोनदा झालं, तीन दिवसांच्या अंतरानं. डिसेंबर २०२१ मध्ये बेंगळुरात महाराजांच्या पुतळ्यावर शाई पडली, इकडं बेळगावच्या अनगोळात संगोळ्ळी रायण्णांच्या, म्हणजे कित्तूरसाठी इंग्रजांशी लढलेल्या वीराच्या, पुतळ्याची मोडतोड झाली आणि शहरात जमावबंदी. आणि इथं एकमेकांची डोकी फोडलेली दोन्ही बाजू एकाच रानात दगड लावून उभ्या. मी बाईंना म्हटलं किती छान, भांडण मिटवलं तुम्ही.

बाई हसल्या नाहीत. गाडी साउथ कॅरोलायनाच्या स्मारकापाशी थांबवली आणि म्हणाल्या वाचा. राज्यांच्या हक्कांच्या पावित्र्यावरची अढळ श्रद्धा, असं कोरलंय. गुलामगिरीचा ग सुद्धा नाही. वर्ष विचारलं तर १९६३, म्हणजे लढाईला शंभर वर्षं झाली तेव्हा, आणि त्याच काळात तिकडं काळे लोक हक्कांसाठी रस्त्यावर मार खात होते. मग परत टेकाडावर नेऊन एक छोटं पांढरं घर दाखवलं, अब्राहम ब्रायन नावाच्या स्वतंत्र काळ्या शेतकऱ्याचं, १२ एकर जमीन होती त्याची इथं. दक्षिणेची फौज पेन्सिल्व्हेनियात शिरली तेव्हा असल्या स्वतंत्र माणसांनासुद्धा पकडून दक्षिणेला गुलाम म्हणून नेत होती. दगडावर शौर्य लिहिलेलं असतं, कशासाठी ते लिहिलेलं नसतं, हे बाईंनी तोंडानं सांगितलं नाही, नुसती गाडी दोन ठिकाणी थांबवली. लीचा रिचमंडमधला मोठा पुतळा सप्टेंबर २०२१ मध्ये उतरवला हेही त्यांनीच सांगितलं. मिटलं वगैरे काही नाही, तिकडंही चालूच आहे.

याला मी पाच स्टार देतो. मागल्या वर्षी पुण्याची आतेबहीण आली तेव्हा गाडी आणि गाईड असं पॅकेज घेऊन कित्तूर आणि नंदगड केलं होतं, कित्तूर म्हणजे जिथं १८२४ मध्ये राणी चन्नम्मांच्या लोकांनी धारवाडचा इंग्रज कलेक्टर थॅकरे मारला, आणि नंदगडला १८३१ मध्ये रायण्णांना वडाच्या झाडाला फाशी दिली. इतकं जबरदस्त सगळं. आणि आमचा गाईड वाड्यासमोर "ये राजवाडा है, फोटो निकालो" म्हणून मोबाइलवर. बहिणीनं विचारलं रायण्णांना पकडलं कसं हो, तर म्हणाला फितुरी, आणि परत मोबाइल. फितुरी कुणाची, का, काहीच नाही. जागा आपल्याकडं कमी नाहीत, बोलणारं माणूस पाहिजे.

बाकीचं पटापट सांगतो. अकराव्या पेन्सिल्व्हेनिया पलटणीच्या स्मारकाला वळसा घालून रस्त्याकडनं न दिसणाऱ्या बाजूला जा, पायथ्याशी ब्राँझची कुत्री झोपलीय, सॅली नाव, पहिल्या दिवशी ती आपल्या मेलेल्या-जखमी लोकांपाशीच थांबून राहिली होती म्हणे. लोक तिथं बिस्किटं ठेवतात. आईच्या पर्समध्ये पार्ले-जी होतं, बाबांनी एक ठेवलं. पेन्सिल्व्हेनियाच्या मोठ्या स्मारकावर ३४ हजारांच्या वर नावं आहेत, ते वरवर बघून निघा. लिट्ल राउंड टॉप नावाच्या टेकडीचा चढ गुडघेवाल्यांनी सांभाळून करावा. खाण्याचं मात्र बोंब. गावातल्या एका हॉटेलात व्हेज सूप मागवलं तर त्यात चिकनचे तुकडे, आईनं तोंडाला लावायच्या आधी दिसले म्हणून बरं. डबा न्या, थालीपीठं न्या, लोणचं न्या.

दफनभूमी शेवटी ठेवा, तिथं गाईड लागत नाही. लिंकननं १९ नोव्हेंबर १८६३ ला दोन मिनिटांचं भाषण केलं ते इथलंच. नाव न कळलेल्या सैनिकांचे संगमरवरी चौकोन जमिनीत बसवलेत, वर फक्त नंबर, ओळीनं. बाबा वाकून एकेक नंबर वाचत होते, मोठ्यानं, हजेरी घेतल्यासारखं. दक्षिणेचे लोक कुठंयत विचारलं तर भावानं बोर्ड वाचून सांगितलं की त्यांना इथं जागा दिली नव्हती, १८७१ ते १८७३ मध्ये उकरून दक्षिणेत नेलं, खरं चुकून काही जण इथंच राहिलेत. बाबा म्हणाले, "राहू देत की मग."

आता बेळगावात सकाळी फिरायला जातात तेव्हा त्यांच्या फौजी दोस्तांना मोबाइलवर त्या पाट्यांचे फोटो दाखवून "सांगा बघू कुणाची ब्रिगेड" विचारतात. अजून एकालाही जमलेलं नाही.