नमुना एक फुटाचा, छत सेहेचाळीस फुटांचे

गेल्या दिवाळीच्या आधी पुण्यातील आमच्या घराच्या दिवाणखान्यात आणि एका झोपण्याच्या खोलीत जिप्समचे फॉल्स सीलिंग करून घेतले आणि त्याच्या खाचेतून सौम्य उजेड यावा म्हणून एलईडीच्या पट्ट्या बसवून घेतल्या. छताचे काम चांगले झाले, त्याबद्दल माझी काही तक्रार नाही. पट्ट्यांच्या कामात मात्र माप, माल आणि बिल अशा तिन्ही बाबतींत माझी फसवणूक झाली आणि ती ध्यानात आली तेव्हा छत बंद होऊन, पुट्टी आणि रंग होऊन, शेवटचा हप्ताही देऊन झाला होता. हे लिहिताना संकोच वाटतो, कारण यातल्या बहुतेक गोष्टी मला आधी तपासता आल्या असत्या आणि त्या तपासायला लागणारे सामान एक मोजपट्टी आणि विजेचा दाब मोजणारा एक मल्टिमीटर एवढेच होते.

ज्या कंत्राटदाराने छताचे काम घेतले होते, त्यानेच लाईटचेही काम मागून घेतले. एका संध्याकाळी तो नमुन्यांचा खोका घेऊन घरी आला, साधारण एक फूट लांबीची पट्टी एका लहान ड्रायव्हरला (म्हणजे घरातली वीज पट्टीला चालेल अशी करून देणाऱ्या डबीला) जोडली, ती कपाटाच्या वर ठेवली आणि आम्हाला खोलीतला मोठा दिवा बंद करायला सांगितला. भिंतीवर पसरलेला तो पिवळसर, एकसारखा उजेड पाहून आम्ही दोघेही भुललो. "काका, हीच पट्टी सगळ्या छताला येणार. मीटरला १२० एलईडी, मीटरला ९.६ वॅट, वॉर्म व्हाइट ३००० केल्व्हिन, दोन वर्षांची वॉरंटी. माल ब्रँडेड आहे," असे तो म्हणाला. ब्रँडेड हा शब्द त्याने त्या भेटीत तीन वेळा उच्चारला, ब्रँडचे नाव मात्र एकदाही घेतले नाही. मी आकडे वहीत टिपून घेतले आणि आकडे टिपले म्हणजे चौकशी झाली, अशी स्वतःची समजूत करून घेतली.

पट्टी कितीही हलक्या दर्जाची असली तरी एक फुटाच्या तुकड्यात ती झगझगीतच पेटते, हे मला तेव्हा ठाऊक नव्हते. पट्टीतील तांब्याचा थर पातळ असला की वीज पुढे जाताना तिचा दाब घटत जातो, म्हणजेच व्होल्टेज कमी होते. पण ही घट लांबीवर अवलंबून असल्यामुळे एका फुटात ती डोळ्यांना दिसण्याचे कारणच नाही. ती दिसते पाचव्या, दहाव्या, चौदाव्या मीटरला. म्हणून नमुना पाहायचाच असेल तर पूर्ण ५ मीटरचा रोल जमिनीवर उलगडून, एकाच टोकाने वीज देऊन पाहावा आणि पहिले व शेवटचे टोक शेजारी आणून त्यांचा उजेड ताडून बघावा. रोल गुंडाळलेला असताना मात्र तो फार वेळ पेटता ठेवू नये, कारण उष्णतेला बाहेर पडायला वाव मिळत नाही.

आता मापाची गोष्ट. त्याने दिलेल्या कागदावर ७ रोल (प्रत्येकी १,४०० रुपये), ३ ड्रायव्हर (प्रत्येकी १,८०० रुपये) आणि १०२ रनिंग फूट फिटिंग (फुटाला ६० रुपये) असा हिशेब होता. एकूण २१,३२० रुपये. दिवाणखाना १८ बाय ११ फूट आणि झोपण्याची खोली १२ बाय १० फूट. भिंतींचा घेर अनुक्रमे ५८ आणि ४४ फूट, बेरीज १०२. मी बेरीज पडताळून पाहिली आणि ती बरोबर आली म्हणून समाधान मानले. पट्टी भिंतीला लागूनच नसते, ती भिंतीपासून दीड फूट आत असलेल्या खाचेत असते, ही साधी गोष्ट माझ्या डोक्यात शिरली नाही. खाचेचा खरा घेर १५ बाय ८ आणि ९ बाय ७ फूट, म्हणजे ४६ अधिक ३२, मिळून ७८ फूट होतो. मीटरमध्ये तो २४ च्या किंचित आत आहे, म्हणजे ५ रोल पुरतात. न लागलेले २ रोल आणि न केलेले २४ फूट फिटिंग यांचे मिळून ४,२४० रुपये मी नुसत्या मापात जास्त दिले. माल मीटरमध्ये येतो आणि मजुरी फुटात लावली जाते, त्यामुळे हिशेब करताना गोंधळ होतो आणि तो गोंधळ सहसा गिऱ्हाइकाच्या बाजूने होत नाही.

पक्क्या बिलाचा विषय निघाला तेव्हा त्याने हसत सांगितले, "काका, पक्के बिल हवे असेल तर १८ टक्के वर पडतील, बघा तुम्ही." एलईडी दिव्यांवरील जीएसटी १८ जुलै २०२२ पासून १८ टक्के आहे, हे खरेच आहे. साधारण ३,८०० रुपये वाचतील या हिशेबाने मी 'एस्टिमेट' असे छापलेल्या साध्या कागदावर काम दिले. या बाबतीत दोष त्याच्याइतकाच माझाही आहे, हे मला मान्य करावे लागेल.

पट्ट्या बसवल्या त्या दिवशी मी बँकेच्या कामासाठी बाहेर गेलो होतो. परत आलो तेव्हा खाचांत पट्ट्या बसलेल्या होत्या, छत बंद झाले होते आणि माणसे पुट्टीचा दुसरा हात मारत होती. पत्नीने मला बाजूला घेऊन सांगितले की, सगळे पेटवून पाहिल्याशिवाय छत बंद करू नका, असे तिने त्यांना दोनदा म्हटले, पण त्यांच्या वायरमनने अजून कनेक्शन व्हायचे आहे असे उत्तर दिले. मी तिलाच समजावले. रात्री दिवे लागले, घर उजळले, शेजारी बघून गेले आणि दुसऱ्या दिवशी मी उरलेले पैसे यूपीआयने पाठवून दिले.

दिवाळी सरून महिना झाला नसेल, तोच दिवाणखान्याच्या बाल्कनीकडील कोपऱ्यात उजेड मंद वाटू लागला. खरे तर तो पहिल्या दिवसापासूनच मंद असणार, पण आकाशकंदील आणि माळांच्या झगमगाटात ते जाणवले नव्हते. त्यानंतर एका भिंतीवर मधोमध रंग बदललेला दिसू लागला, एका बाजूला पिवळसर तर दुसऱ्या बाजूला किंचित हिरवट. पांढरा एलईडी मुळात निळा प्रकाश देतो आणि त्यावरच्या पिवळ्या फॉस्फरच्या लेपामुळे तो पांढरा दिसतो. त्या लेपात थोडाही फरक पडला की छटा बदलते. चांगले उत्पादक छटेनुसार एलईडी निवडून वेगळे करतात आणि रोलवर लॉट क्रमांक छापतात, म्हणून एका खोलीतील सगळे रोल एकाच लॉटचे घ्यावे लागतात. आमच्या छतात निरनिराळ्या ठिकाणांहून आलेले रोल एकमेकांना जोडलेले होते. जूनमध्ये पावसाळी दमटपणा सुरू झाल्यावर एका बाजूची पट्टी चिकटलेली जागा सोडून खाली लोंबू लागली आणि जुलैत दिवाणखान्यातील सगळे दिवे एकदम गेले.

कंत्राटदाराने पहिले चार फोन उचलले आणि पाचव्यापासून उचलणे बंद केले. शेवटी तपकीर गल्लीत विजेच्या सामानाच्या दुकानांतून चौकशी करून एक अनुभवी वायरमन मिळाला. तो शिडीवर चढला, खाचेत हात घालून पाहिला आणि पहिला प्रश्न त्याने हा विचारला, "ड्रायव्हर कुठे ठेवलाय?" ते आम्हाला ठाऊक नव्हते. दुरुस्तीसाठी झाकण ठेवलेले नव्हते. ड्रायव्हर जिप्समच्या बोर्डावर ठेवून वरून छत बंद केलेले होते. त्यामुळे पंख्याजवळ एक फूट बाय एक फूट छत कापावे लागले. दिवाणखान्यासाठी दोन ड्रायव्हरचे पैसे घेतले होते. आत एकच निघाला.

त्याने आपल्याजवळचा ड्रायव्हर लावून पट्टी पेटवली आणि मल्टिमीटर लावला. पट्टी १२ व्होल्टची होती. सुरुवातीला ११.६ व्होल्ट भरले, शेवटच्या टोकाला ८.४. अशा पट्टीत तीन-तीन एलईडी एकापुढे एक जोडलेले असतात आणि एवढ्या कमी दाबावर ते जेमतेम मिणमिणतात. तीन रोल एकाला एक जोडून, डागाचे सांधे उघडेच ठेवून, चौदा मीटरना एकाच टोकाकडून वीज दिलेली होती. मग त्याने प्लगला वॅटमीटर लावला. सांगितल्याप्रमाणे मीटरला ९.६ वॅट धरले तर १४ मीटरना १३४ वॅटच्या आसपास लागायला हवेत. वॅटमीटरवर ४१ वॅट दिसत होते. मीटरला १२० एलईडी मात्र मोजून खरोखरच भरले. एलईडींच्या संख्येवरून काहीच कळत नाही, हा मला नवीन धडा होता. एलईडी किती आहेत यापेक्षा ते किती वीज घेतात आणि त्यांच्याखालचे तांबे किती जाड आहे, यावर सगळे ठरते.

ड्रायव्हरची कथा आणखी वेगळी. त्यावर १२ व्होल्ट, १० अँपिअर असे लिहिलेले होते, पण हातात घेतला तर मोबाइलच्या चार्जरपेक्षा फारसा जड नव्हता. एलईडीचे ड्रायव्हर भारतीय मानक ब्युरोच्या सक्तीच्या नोंदणीखाली येतात आणि त्यांच्यावर इंग्रजी आर या अक्षराने सुरू होणारा आठ अंकी नोंदणी क्रमांक असावा लागतो. आमच्या ड्रायव्हरवर असा क्रमांक छापलेला होता. वायरमनने तो ब्युरोच्या बीआयएस केअर अॅपमध्ये टाकून दाखवला. तो दुसऱ्याच एका कंपनीच्या मोबाइल चार्जरचा निघाला. शेजारी ठळक अक्षरांत सीई असेही छापलेले होते. ते युरोपातील बाजारासाठी उत्पादकाने स्वतःच लावायचे चिन्ह आहे आणि भारतातल्या नोंदणीशी त्याचा काही संबंध नाही. क्रमांक तपासायला एक मिनिटही लागत नाही, मात्र ड्रायव्हर छताच्या आत जाण्याआधी तो तपासायला हवा.

दिवाणखान्याचे काम आम्ही त्याच वायरमनकडून पुन्हा करून घेतले. या वेळी पट्टी २४ व्होल्टची घेतली. तेवढ्याच वॅटसाठी २४ व्होल्टला निम्माच प्रवाह लागतो, त्यामुळे वाटेतील घट निम्मी होते आणि ती दुप्पट दाबातून वजा होत असल्याने एकूण परिणाम चौथाईवर येतो. प्रत्येक रोलला ड्रायव्हरपासून स्वतंत्र वायर दिली, रोल एकमेकांना जोडले नाहीत. ५ मीटरच्या रोलला ४८ वॅट लागतात, त्यावर सुमारे २० टक्के सवड धरून प्रत्येकी ६० वॅटचे तीन ड्रायव्हर लावले आणि ते हात पोहोचेल अशा झाकणामागे ठेवले. पट्टी थेट पुट्टीवर न चिकटवता अॅल्युमिनियमच्या प्रोफाइलमध्ये, म्हणजे पन्हळीसारख्या पट्टीत, बसवली, कारण पुट्टीच्या भुकटीवर चिकटपट्टी टिकत नाही आणि एलईडीची उष्णता शोषून घ्यायलाही धातू लागतो. सगळे जोडून झाल्यावर चार तास पेटते ठेवले, दोन्ही टोकांना मल्टिमीटर लावला, खाचेच्या आतील फोटो काढून ठेवले आणि मगच छताला हात लावू दिला. पत्नी शिडीजवळ खुर्ची टाकून बसली होती. या वेळी कोणी तिला समजावायला गेले नाही.

पैशांचे काय झाले, तेही सांगतो. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ या क्रमांकावर तक्रार नोंदवली आणि कंत्राटदाराला रजिस्टर पोस्टाने नोटीस पाठवली. पक्के बिल नाही म्हणून आपली बाजू संपली असे मी धरून चाललो होतो, पण २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यात बिल न देणे हीच अनुचित व्यापारी प्रथा मानलेली आहे. यूपीआयच्या नोंदी, त्याचा 'एस्टिमेट'चा कागद आणि "उद्या माल येतोय, ब्रँडेड" असे त्याचे मेसेज, एवढे माझ्याजवळ होते. नोटीस मिळाल्यावर आठ दिवसांनी त्याने मापातले ४,२४० रुपये निमूटपणे परत केले. बाकीच्या पैशांवर त्याचे उत्तर असे की, छत तुम्ही परस्पर उघडले, आता वॉरंटी राहिली नाही. इथे माझी एक चूक नडली. छत कापण्याआधी त्याला तारीख आणि वेळ लेखी कळवून हजर राहायला सांगायला हवे होते, आणि कापण्याचे, ड्रायव्हर बाहेर काढण्याचे, मीटरवरील आकड्यांचे सलग चित्रीकरण करायला हवे होते. माझ्याजवळ फक्त सुटे फोटो आहेत. जिल्हा ग्राहक आयोगाकडे तक्रार करायला दोन वर्षांची मुदत असते आणि दिलेली रक्कम ५ लाखांपर्यंत असेल तर शुल्क लागत नाही, म्हणून तक्रारीचा मसुदा तयार करून ठेवला आहे.

झोपण्याच्या खोलीचे छत अद्याप उघडलेले नाही. तिथली पट्टी खिडकीकडे मिणमिणते आणि दाराकडे बऱ्यापैकी उजेड देते. दिवे सुरू असताना त्या खोलीत कोणी झोपत नाही आणि बाहेर पडताना मेन स्विच बंद करायचा, एवढा नियम घरात लागू आहे. ते छत कापायच्या दिवसाची तारीख घालून कंत्राटदाराला रजिस्टर पत्र गेल्या सोमवारी पाठवले आहे. पोचपावती अजून यायची आहे.