टूथब्रश कधी बदलायचा: तारीख बघून, की ब्रश बघून?

एकाच दिवशी पाकिटातून काढलेले चार ब्रश बेसिनशेजारच्या पेल्यात उभे आहेत, असं समजा. दोन महिन्यांनी त्यांच्याकडे नीट पाहिलं तर एक जवळजवळ नवा वाटतो, दोन बऱ्यापैकी आहेत, आणि चौथा असा फेंदारलेला की कडेचे ब्रिसल्स डोक्याबाहेर आडवे गेलेत. चौघांचं वय सारखं, टूथपेस्ट सारखी, पाणी तेच. मग चौघांना एकच तारीख लावायची का?

"दर तीन महिन्यांनी ब्रश बदला" हे आपल्याला पाठ असतं. ते चूक नाही. अमेरिकन डेंटल असोसिएशनची शिफारस ३ ते ४ महिन्यांची आहे. पण त्याच शिफारशीचा दुसरा अर्धा भाग सहसा कुणी सांगत नाही: ब्रिसल्स त्याआधीच पसरले किंवा एकमेकांत गुंतले, तर मुदतीची वाट बघू नका. म्हणजे नियमाच्या पोटातच दोन घड्याळं आहेत, एक भिंतीवरचं आणि एक ब्रशच्या डोक्यावरचं. कुठल्या घड्याळावर किती विसंबायचं, हे ठरवायला हा आढावा.

आधी, ब्रश "जुना" होतो म्हणजे काय होतं

हे कळलं की पुढचे निर्णय सोपे होतात. १९३८ साली नायलॉनचे ब्रिसल्स असलेला पहिला टूथब्रश बाजारात आला. त्याआधी ब्रशला डुकराचे राठ केस लावत. ते पाणी धरून ठेवत, लवकर वाळत नसत आणि गळतही. नायलॉनने हे प्रश्न बरेचसे सोडवले. शिवाय चांगल्या ब्रशमध्ये प्रत्येक तंतूचं टोक घासून गोल केलेलं असतं, म्हणजे हिरडीला ओरखडा पडत नाही.

पण नायलॉन दमतं. रोज दोनदा, प्रत्येक वेळी दोन मिनिटं, ओल्या अवस्थेत तंतू शेकडो वेळा वाकतो आणि पुन्हा सरळ होतो. काही आठवड्यांनी तो पूर्ण सरळ होणं सोडतो. इथून खरी अडचण सुरू होते. दातांवरचा चिकट थर सर्वांत जास्त साचतो तो दात आणि हिरडी जिथे भेटतात त्या रेषेवर. म्हणूनच दंतवैद्य ब्रश ४५ अंशांत हिरडीकडे तिरका धरायला सांगतात, कारण टोकं त्या खाचेत शिरायला हवीत. फेंदारलेल्या ब्रशची टोकं तिथे पोचत नाहीत. तंतूची कूस दातावरून घसरते, तोंडात फेस होतो, पुदिन्याचा वास येतो आणि काम झाल्यासारखं वाटतं. थर मात्र त्या रेषेवर तसाच राहतो. लाळेतल्या क्षारांनी तो काही दिवसांत कडक होऊ लागतो. एकदा त्याचं कीटण झालं की कुठलाही ब्रश, नवा असला तरी, ते काढू शकत नाही. त्यासाठी दंतवैद्याचीच खुर्ची.

तारीख विरुद्ध डोळा

तारखेचा मोठा गुण म्हणजे ती विचार करायला लावत नाही. ऋतू बदलला, ब्रश बदलला. तिचा दोष असा की ती सरासरी माणसासाठी आहे, आणि आपला हात सरासरी असेलच असं नाही. वापरलेल्या आणि कोऱ्या ब्रशची तुलना करणारे प्रयोग झाले आहेत. त्यांचे निष्कर्ष एकमेकांशी पूर्ण जुळत नाहीत. काहींत तीन महिने वापरलेला ब्रश नव्याइतकाच थर काढतो असं दिसलं, काहींत नवा सरस ठरला. मी यातून एवढंच घेते की ब्रशच्या वयापेक्षा त्याची झीज जास्त बोलते. हलक्या हाताने वापरलेला, तीन महिन्यांनीही ताठ उभा असलेला ब्रश एकाएकी निकामी होत नाही. पाच आठवड्यांत पिंजलेला ब्रश मात्र सातव्या आठवड्यात सुधारतही नाही.

मग नुसता डोळा पुरेल का? तर नाही. रोज पाहिलेल्या वस्तूतला हळू बदल डोळ्याला दिसत नाही. ब्रश आज कालच्यासारखाच वाटतो, उद्या आजच्यासारखा. ही अडचण मी अशी सोडवली: एकाच प्रकारचे दोन ब्रश एकदम आणते. एक वापरायला काढते, दुसरा पाकिटातच ठेवते, आणि पंधरा दिवसांनी दोन्ही शेजारी धरून वरून बघते. वापरातल्या ब्रशचे ब्रिसल्स डोक्याच्या कडेबाहेर डोकावू लागले की त्याचं काम संपलं. ब्रश पालथा करून मागून पाहिला तर हे आणखी स्पष्ट दिसतं, कारण मागून ब्रिसल्स दिसायलाच नकोत.

माझा कौल असा: आधी डोळा, आणि वरची मर्यादा म्हणून तारीख. ब्रश कितीही चांगला दिसला तरी चार महिन्यांपलीकडे नेऊ नका. फक्त काहींसाठी सरळ तारीखच बरी. लहान मुलं, नजर कमी झालेली माणसं, किंवा ज्यांचे दात दुसरं कुणी घासून देतं असे आजारी, वृद्ध लोक. तिथे बघणारा आणि वापरणारा वेगळा असतो आणि बघायचं राहून जातं. लहान मुलं तर ब्रिसल्स चावतात, त्यांचा ब्रश तीन महिने टिकला तरच नवल.

काही ब्रशवर निळ्या रंगाचे ब्रिसल्स असतात, ते वापराने फिकट होत जातात. ही खूण आठवण म्हणून ठीक आहे. रंग उतरला नाही पण ब्रश फेंदारला, तर फेंदारणंच खरं धरा.

महिन्याभरात फेंदारतो? मग प्रश्न ब्रशचा नाही

इथे मला थोडं थांबायचं आहे, कारण याच ठिकाणी निर्णय हमखास चुकतो आणि मीही चुकले होते.

माझे ब्रश पाच-सहा आठवड्यांत पसरायचे. मला वाटलं, मऊ ब्रश टिकत नाही, म्हणून मी कडक घेतला. तो खरंच जास्त टिकला. वर्ष-दीड वर्षाने थंड पाणी प्यायलं की डाव्या बाजूच्या सुळ्यात आणि त्याच्या शेजारच्या दाढेत कळ यायला लागली. दंतवैद्यांनी तपासलं. कीड नव्हती. त्या दातांवरून हिरडी मागे सरकली होती आणि दाताच्या मानेशी घासून खाच पडली होती. त्यांनी पहिला प्रश्न विचारला, "ब्रश कुठला वापरता, आणि तो किती दिवसांत खराब होतो?" मी उजव्या हाताने घासते, त्यामुळे सगळा जोर डाव्या बाजूवर पडत होता. मऊ ब्रश फेंदारून मला नेमकं तेच सांगत होता, आणि मी त्यालाच बदलून टाकलं.

म्हणून मऊ आणि कडक यांची तुलना टिकाऊपणावर करूच नका. कडक ब्रिसल्स वाकत नाहीत तेव्हा तो जोर हिरडीवर आणि दाताच्या मानेवर जातो. दाताच्या मुकुटावर इनॅमलचं चिलखत असतं. हिरडी सरकल्यावर उघडं पडणारं मूळ त्यापेक्षा खूप मऊ असतं. हिरडी एकदा मागे गेली की आपोआप परत वर येत नाही. मऊ ब्रश थोडा आधी बदलावा लागेल, तो लागू द्या.

ब्रश महिन्याभरात पसरत असेल तर पकड बदलून पाहा. मुठीत आवळून धरण्याऐवजी पेनसारखा बोटांत धरला की जोर लावताच येत नाही. आडवं रेटण्याऐवजी हिरडीच्या रेषेवर छोटे छोटे झटके द्या. दोन महिन्यांनी पुन्हा दोन ब्रश शेजारी धरा, फरक दिसतो. दातांना तारा बसवलेल्यांचं गणित वेगळं. त्यांचा ब्रश धातूवर घासून लवकरच झिजतो, त्यात हाताचा दोष नाही. त्यांनी महिन्या-दीड महिन्याने ब्रश पाहून बदलायची तयारी ठेवावी.

आजारपणानंतर बदलायचा की नाही

सर्दी-खोकला झाला की ब्रश फेकायची पद्धत बरीच आहे. साध्या सर्दीनंतर त्याची गरज नसते. ज्या विषाणूने आजारी पाडलं त्याच्याविरुद्ध शरीराने तोवर बचाव उभा केलेला असतो, आपल्याच ब्रशवरून तोच आजार लगेच उलटण्याची भीती फारशी नाही. आजारी माणसाचा ब्रश इतरांच्या ब्रशला टेकू न देणं जास्त उपयोगाचं. एकाच पेल्यात डोक्याला डोकं लावून उभे असलेले ब्रश आधी वेगळे करा.

अपवाद आहेत आणि ते गंभीरपणे घ्यावेत. तोंडात बुरशीचा पांढरा संसर्ग झाला असेल किंवा ओठावर नागिणीसारखे फोड उठले असतील, तर बरं झाल्यावर ब्रश बदललेला चांगला. किमोथेरपी चालू असलेल्या किंवा प्रतिकारशक्ती खालावलेल्या माणसासाठी ब्रश किती वेळा बदलायचा हे त्याच्या डॉक्टरांना विचारूनच ठरवावं. आणि चुकून दुसऱ्या कुणी वापरला, तर तो ब्रश नवा असला तरी टाकून द्या. घासताना हिरड्यांतून रक्त येणं खूप जणांत आढळतं, आणि रक्तातून पसरणारे आजार दिसून येत नाहीत.

बदलावा की निर्जंतुक करावा

ब्रशवर जिवाणू असतात, कारण तोंडात जिवाणू असतात. निरोगी माणसाला त्यांच्यामुळे अपाय होतो असा पुरावा नाही. वापरून झाल्यावर वाहत्या पाण्याखाली पेस्ट आणि कण निघून जाईपर्यंत धुणं, उभा ठेवणं आणि उघड्या हवेत वाळू देणं, एवढं पुरतं. ओल्या ब्रशला टोपण घालून बंद करू नका, त्या दमट पोकळीत जिवाणू जास्त वाढतात. टोपण प्रवासापुरतं, आणि मुक्कामी पोचल्यावर काढायचं.

उकळतं पाणी, मायक्रोवेव्ह, डिशवॉशर यांच्या वाटेला जाऊ नये, उष्णतेने ब्रिसल्स आणि दांडा दोन्ही बिघडतात. जंतुनाशक माउथवॉशमध्ये बुडवल्याने जिवाणू कमी होतात हे खरं, पण वाकलेला तंतू त्याने सरळ होत नाही. ब्रश बदलायचं मुख्य कारण झीज असल्याने निर्जंतुक करणं हा बदलण्याला पर्याय ठरत नाही.

साधा, इलेक्ट्रिक, बांबूचा

इलेक्ट्रिक ब्रश घ्यावा का, हा वेगळा प्रश्न असला तरी बदलण्याशी त्याचा संबंध आहे. कॉक्रेन या वैद्यकीय संशोधनाचे आढावे घेणाऱ्या संस्थेच्या २०१४च्या आढाव्यात ५६ चाचण्या तपासल्या होत्या. तीन महिन्यांहून जास्त वापरात इलेक्ट्रिक ब्रशने साध्या ब्रशपेक्षा दातांवरचा थर २१ टक्के आणि हिरड्यांची सूज ११ टक्के जास्त कमी केली. हा फरक दखल घेण्याजोगा आहे. पण यंत्र वर्षानुवर्षं चालतं म्हणून त्याचं डोकं वर्षभर चालवणं ही मोठी चूक. डोक्याला तोच ३ ते ४ महिन्यांचा हिशोब लागतो, आणि तंतू कमी व लहान असल्याने झीज लवकर नजरेत भरते. घेण्यापूर्वी त्याच मॉडेलची सुटी डोकी सहज मिळतात का हे पाहा, ती मिळत नसतील तर साधा ब्रश वेळेवर बदलणं बरं. सांधे आखडलेल्या हातांना इलेक्ट्रिकचा उपयोग जास्त होतो. जोर लावण्याची सवय असलेल्यांनी दाब वाढला की थांबणारा किंवा दिवा लावणारा ब्रश बघावा. मला अशा ब्रशने हात हलका ठेवायला शिकवलं.

बांबूच्या ब्रशमध्ये फक्त दांडा बांबूचा असतो, ब्रिसल्स बहुधा नायलॉनचेच. त्यामुळे तो साध्या ब्रशपेक्षा जास्त दिवस चालत नाही. दांडा ओला उभा राहिला तर तळाशी काळा पडतो, म्हणून तो पुसून कोरडा ठेवावा लागतो. कचरा कमी करायचा असेल तर डोकं तेवढं बदलता येणारा साधा ब्रशही मिळतो, दांडा तोच राहतो.

टाकायच्या ब्रशने नळाचे कोपरे, टाइल्सच्या फटी, सायकलची साखळी छान साफ होते. त्याच्या दांड्यावर आधी पक्क्या शाईने मोठी फुली मारा, म्हणजे घाईत तो पुन्हा कुणाच्या तोंडात जाणार नाही. बांबूचा दांडा मातीत घालायचा असेल तर ब्रिसल्स पक्कडीने उपटून वेगळ्या कचऱ्यात टाका, नायलॉन मातीत कुजत नाही.